भागवतच्या पोटातला गद्दार

खर्ड्याच्या स्टँडसमोर भागवतचं हॉटेल आहे. चहा, भजी, मिसळ, आणि सकाळी लवकर गेलात तर पोहे. भजी चांगली असायची, पण निम्मे लोक यायचे ते बातम्यांसाठी. भागवतच्या कानावर पडलेली गोष्ट दुपारपर्यंत गावभर आणि संध्याकाळपर्यंत जामखेडला पोचायची. राधाकृष्णनं नवा ट्रॅक्टर बुक केला, ते त्याच्या बायकोला भागवतकडूनच कळलं. यात भागवतचा वाईट हेतू कधीच नसायचा. समोर माणूस बसला आणि आपल्याकडे सांगण्यासारखं काही असलं, की त्याला राहवायचंच नाही.

त्याच्या बायकोला, सत्यशीलाला, हेरगिरीच्या सिनेमांचं भारी वेड. दुपारी गिऱ्हाईक ओसरलं की ती मोबाईल तेलाच्या डब्याला टेकवून बसायची. खोट्या नावानं परदेशात शिरणारे, शत्रूच्या घरात स्वयंपाकी होऊन राहणारे, बुटाच्या टाचेत नकाशा लपवणारे, असले सिनेमे तिनं किती पाहिले असतील त्याला गणती नाही. आपल्यातला गद्दार कोण, हे शेवटपर्यंत ओळखत बसण्यात तिला खरी गंमत वाटायची. आणि नेमकी तीच गंमत भागवत घालवायचा. ती पाणी आणायला उठली की तो बोटानं सिनेमा पुढं ढकलून शेवट बघायचा, आणि ती येऊन टेकायच्या आत म्हणायचा, "तो टकला डॉक्टरच हाय बग शत्रूचा." मग सत्यशीला मोबाईल पालथा घालायची आणि दिवसभर त्याच्याशी बोलायची नाही.

अशा माणसाच्या गावात सिनेमाचं शूटिंग आलं, आणि तेही गुप्तहेराच्या सिनेमाचं.

दिवाळीनंतर किल्ल्यापुढं गाड्यांची रांग लागली. किल्ल्याला परक्या देशातला तुरुंग करायचं ठरलं होतं. बुरुजावर वेगळाच झेंडा चढला, दरवाजावर कुणालाच वाचता येणार नाही अशी पाटी लागली. चहाचं काम भागवतला मिळालं. तो किटली घेऊन आत जायला लागला आणि तिसऱ्याच दिवशी दिग्दर्शिकेची नजर त्याच्या मिशीवर गेली. निकिता मॅडम म्हणायचे तिला सगळे. पस्तिशीची, टोपी घालणारी, उन्हात उभी राहून भजी खाणारी बाई. तिनं भागवतला तुरुंगाचा पहारेकरी केलं. हिरवा डगला, डोक्यावर लोकरी टोपी, हातात लाकडी बंदूक. बोलायला एक शब्द नव्हता. हे कळल्यावर गाव पोट धरून हसलं.

शेवटच्या दिवशी आतल्या दालनात मोठा सीन होता. सगळ्यांचे मोबाईल बाहेर जमा केले. आत मोजकीच माणसं, आणि दारात दोन पहारेकरी, त्यातला एक भागवत. हिरो साखळदंडात बांधलेला. दार उघडतं आणि त्याला पकडून देणारा माणूस आत येतो. भागवतनं पाहिलं तर तो हिरोचा म्हातारा गुरू! ज्यानं त्याला लहानाचं मोठं केलं, सगळं शिकवलं, तो. भागवतच्या अंगावर काटा आला. दुसरा पहारेकरी मुंबईहून आलेला होता, तो सामान बांधून निघून गेला. म्हणजे गद्दार कोण हे साऱ्या खर्ड्यात एकट्या भागवतला ठाऊक.

संध्याकाळी कुणीतरी निकिता मॅडमच्या कानावर घातलं, की तुम्ही हे गुपित गावच्या लाऊडस्पीकरसमोर उघडं केलंय. ती तशीच हॉटेलवर आली.

"भागवतराव, मी काय ऐकतेय?"

भागवत कढईत झारा फिरवत राहिला. सत्यशीला हात पुसत पुढं आली.

"मॅडम, हे सांगनार न्हाईत."

"तुम्ही खात्री देता?"

"मी देते. आन तुमच्यासाठी न्हाई, माज्यासाठी." मग ती नवऱ्याकडं वळली. "आजवर एक सिनेमा मला नीट बघू दिला न्हाई तुमी. ह्यो तरी बघू द्या. आपल्या गावचा हाय."

भागवतनं मान डोलावली. एवढं गप्प उत्तर त्यानं आयुष्यात कधी दिलं नव्हतं.

पुढचे महिने त्याला जड गेले. चहा पिता पिता कुणीही सहज विचारायचं, "मग, गद्दार कोन?" भागवत झटकन एक भजं तोंडात टाकायचा. गरम भजं जीभ पोळायचं, पण बोलायची सोय राहायची नाही. उन्हाळ्यापर्यंत त्याचं पोट सुटलं. गुपित दाताशी येऊन बसलं की तो उठून मागं जायचा, कांदे चिरायला घ्यायचा आणि स्वतःशी काहीबाही गुणगुणायचा. गावातल्या बाकीच्या बातम्याही त्याच्या तोंडून कमी यायला लागल्या, कारण एकदा तोंड उघडलं तर नको ते बाहेर पडेल ही त्याला धास्ती. लोकांना वाटलं याची तब्येत बिघडलीय. रोज चहाला येणाऱ्या काकासाहेबांनी तर डॉक्टरचा नंबर आणून दिला.

पावसाळा संपता संपता सिनेमाची जाहिरात आली, आणि तिच्यापाठोपाठ आसाराम. आसाराम हा भागवतचा शाळासोबती. मोबाईल दुरुस्तीचं दुकान, आणि जोडीला मोबाईलवरच बातम्यांचा चॅनल. त्यानं एका दुपारी भागवतला बाकड्यावर गाठला आणि समोर मोबाईल धरला. जाहिरातीतली एकेक तसबीर तो सरकवायला लागला.

"तू नगं बोलू. मी नावं घेतो, तू नुसता माज्याकडं बग. ह्यो ड्रायव्हर?"

भागवतनं एक भजं तोंडात टाकलं.

"वकिलातीतली ही बाई?"

भागवतनं दुसऱ्या भज्यासाठी हात लांबवला. आसारामनं ताटली ओढून घेतली.

"मग ह्यो म्हातारा? गुरू?"

भागवतला आपले कान तापल्याचं जाणवलं. आणखी एक क्षण गेला असता तर आसारामनं तोंडावरूनच वाचलं असतं.

"बायको!" भागवत ओरडला. "हिरोची बायको! झालं समाधान? जा आता!"

संध्याकाळी आसारामच्या चॅनलवर झळकलं: 'खर्ड्यातून सर्वात मोठा खुलासा, हिरोची बायकोच निघाली गद्दार.' सोबत भागवतचा फोटो, लोकरी टोपीतला.

सत्यशीलानं ते पाहिलं आणि मोबाईल कट्ट्यावर ठेवला. पालथा घालायचंही भान राहिलं नाही तिला.

"एवढं एक मागितलं हुतं," ती म्हणाली.

भागवतनं तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. काय सांगणार? ते खोटं आहे म्हणावं, तर बायको गद्दार नाही हे तिला कळणार. म्हणजे एक नाव कमी झालं. उरलेल्यांत ती गुरू ओळखायला कितीसा वेळ घेणार? असले सिनेमे बघून तिचं डोकं भलतं तयार झालं होतं. तो पुन्हा कढईकडं वळला. सत्यशीला आत गेली.

त्यानंतर तिनं कामापुरतं बोलणं ठेवलं. "दूध आलंय." "दोन मिसळ बाहेर." भागवत व्हय म्हणायचा आणि कामाला लागायचा. रुसवा पूर्वीही असायचा, पण एका दिवसात निवायचा. हा आठवडा उलटला, दुसराही उलटला. एकदा त्यानं आपण होऊन तिच्यासाठी आलं घालून चहा केला, तो तिनं गिऱ्हाईकाला दिला.

त्यांची मुलगी ज्ञानेश्वरी हे सगळं बघत होती. बी.ए. झालेली, अंगानं काटक, सकाळी किल्ल्याच्या भोवती पळायला जायची. एकदा वडील मागं कांदे चिरत होते तिथं ती येऊन बसली.

"अप्पा, तुमी आसारामकाकाला खोटं सांगितलं ना?"

"कोन म्हनलं?"

"कुनी न्हाई. पन खरं सांगून मोकळं झालेला मानूस एवढा गप बसत न्हाई. तुमी अजून काईतरी धरून बसलाय."

भागवत कांद्याकडं बघत राहिला. डोळ्यांतून पाणी येत होतं, आणि कांदा समोर होता ते बरं होतं.

"आईला सांगू?" ज्ञानेश्वरीनं विचारलं.

"नगं. तिला थेटरातच कळू दे."

ज्ञानेश्वरीनं दाराकडं एकदा बघून घेतलं. मग आवाज खाली आणून म्हणाली, "मग तुमच्याजवळ अजून एक ठेवते. मी पोलीस भरतीचा फॉर्म भरलाय. मैदानी चाचणी झाली, लेखी पन चांगली गेलीय. निकालापर्यंत कुनाला कळू द्यायचं न्हाई. आईला पन न्हाई, ती देवाला नवस बोलत बसंल."

भागवतनं सुरी खाली ठेवली. पोरीनं आपल्याला काही सांगितलं, आणि ते आपल्याला आधी सांगितलं, याचाच त्याला अचंबा वाटला. आजवर घरातलं काहीही त्याला सगळ्यांत शेवटी कळायचं, आणि त्याचं कारण त्याला चांगलं ठाऊक होतं. दुसऱ्या दिवशी गिऱ्हाइकांनी पाहिलं, तर भागवत पहिल्यासारखा हसतखेळत होता. दोन गुपितं पोटात असून त्याला एकही भजं तोंडात टाकावं लागलं नाही.

सिनेमा लागायच्या आठवड्यात भरतीचा निकाल आला. ज्ञानेश्वरीचं नाव होतं. ती भर हॉटेलात आईच्या गळ्यात पडली. सत्यशीलाला आधी काही उमगेना, उमगलं तेव्हा ती रडली, हसली, आणि मग नवऱ्याकडं बघून म्हणाली, "ह्यांना सांग की."

"अप्पांना ठाऊक हाय. लेखी झाली तवापासून."

सत्यशीला बाकड्यावर बसली. गिऱ्हाईक "ताई, पाव" म्हणून ओरडत होतं, पण तिचं लक्ष नव्हतं. हा माणूस पोरीच्या भरतीची गोष्ट पोटात ठेवू शकतो, तर मग आसारामला... तिनं पुढचा विचार कुणाला बोलून दाखवला नाही. नुसतं म्हणाली, "रविवारी नगरला सिनेमाला जायचंय. रंगनाथची जीप सांगून ठेवा."

दुपारचा खेळ होता. थेटर भरलेलं. तुरुंगाच्या दारात भागवत पहिल्यांदा दिसला तेव्हा ज्ञानेश्वरीनं शिट्टी मारली. मध्यंतराच्या जरा आधी हिरोची बायको शत्रूच्या गोळीपुढं उभी राहिली आणि नवऱ्याला वाचवून स्वतः मेली. थेटर सुन्न झालं. सत्यशीलानं अंधारात भागवतचं मनगट गच्च धरलं.

"म्हंजे आसारामला तुमी..."

"व्हय."

"आन एवढे दिस माजं बोलनं बंद, ते सोसलं?"

"तुला बघायचा हुता ना सिनेमा," भागवत म्हणाला.

तिनं मनगट सोडलं नाही. मध्यंतरात वडापाव खाल्ला तोही एका हातानं.

शेवट जवळ आला. किल्ल्यातलं दालन, साखळदंडातला हिरो, दारात बंदूक घेतलेला भागवत. भागवतनं पडद्याकडं बघायचं सोडलं. म्हाताऱ्या गुरूला पाहून सत्यशीलाचं तोंड कसं होतं, ते त्याला बघायचं होतं. वर्षभर सगळं धरलं होतं ते त्या एका क्षणासाठी. दार करकरलं. सत्यशीलाचे डोळे मोठे झाले, हात तोंडावर गेला.

"अगं बाई! ड्रायव्हर!"

भागवतनं गर्रकन पडद्याकडं पाहिलं. दारातून हिरोचा गाणी म्हणणारा, विनोद करणारा ड्रायव्हर मित्र येत होता.

"आँ?" भागवत उभा राहिला. "हे कवा झालं? म्हातारा कुठं गेला?"

मागून लोक "खाली बसा, खाली बसा" म्हणून ओरडले. ज्ञानेश्वरीनं त्याला शर्टाला धरून खाली बसवलं. पण आता तिघांनाही हसू आवरत नव्हतं. सत्यशीला पदर तोंडात कोंबून हसत होती. पुढच्या रांगेतल्या म्हातारबुवांनी वळून विचारलं, "पावनं, पडद्यावरचं ते तुमीच का?" भागवतला मानेनंसुद्धा हो म्हणवेना.

बाहेर आल्यावर त्यानं निकिता मॅडमला फोन लावला. आवाजात राग होता.

"मॅडम, माज्यावर भरवसा नव्हता तर दारात उभा कशाला केला?"

पलीकडून हसण्याचा आवाज आला. "भागवतराव, आम्ही दोन शेवट केले होते. दुसरा मुंबईला, तसंच दालन उभारून. हिरोलासुद्धा सांगितलं नव्हतं कुठला ठेवणार ते. आणि तुमच्या गावातून नाव फुटलं तेही भलतंच. माझी माणसं म्हणतात, खर्ड्याला कोण हुशार माणूस आहे, पुढच्या सिनेमाला घेऊ या."

हिरोलासुद्धा ठाऊक नव्हतं, हे ऐकल्यावर भागवतचा राग पार गेला. तो आणि हिरो एका रांगेत होते. तेवढ्यात सत्यशीलानं त्याच्या हातातून फोन घेतला.

"मॅडम, मी बोलते. मला एक सांगा. ड्रायव्हर गद्दार हुता, तर पुलावर त्यानं हिरोला मरू का दिलं न्हाई?"

"कारण शत्रूला हवा असलेला नकाशा तेव्हा हिरोच्या डोक्यात होता, ताई. कागदावर नव्हता. हिरो मेला असता तर नकाशाही गेला असता."

सत्यशीला डोळे बारीक करून उभी राहिली. गर्दी तिच्या दोन्ही बाजूंनी जात होती. रंगनाथनं जीप आणून लावली, हॉर्न वाजवला. "व्हय की," ती म्हणाली. "पन मग विमानतळावर ती पिशवी..." असं म्हणत ती जीपच्या बॉनेटला टेकली आणि पुढचा प्रश्न घातला, आणि त्याच्या पुढचाही. भागवत, ज्ञानेश्वरी आणि रंगनाथ शेंगा खात वाट बघत राहिले. शेवटी तिनं फोन ठेवला आणि जीपमध्ये चढता चढता म्हणाली, "मॅडम म्हनतात, पिशवीचं उत्तर सिनेमातच हाय, माजं लक्ष नव्हतं. म्होरल्या रविवारी परत यायला लागंल."

"येऊ की," भागवत म्हणाला आणि तिला बसायला जागा करून सरकला.