मिरच्यांभोवतीचे दगड

मी रिखबचंद, नंदुरबारातला मिरचीचा व्यापारी. व्यापारी म्हणजे खोटारडा, असं कुणी म्हटलं की माझं डोकं फिरतं. पण कोर्टात एकदा खोटं बोललो, ते सांगतो.

सन सदतीसचा पौष. पथारीवर, म्हणजे मिरची वाळवायच्या मोकळ्या जागेवर, माल मावेना. म्हणून उरलेला सडकेच्या कडेला पसरला. सगळेच पसरायचे. खडीची सडक चांगली तापते, चार दिवसांत मिरची खुळखुळ वाजते. भोवती चुना लावलेले दगड मांडायचे आणि मोटारवाल्यांनी ते बघून वळसा घालायचा, अशी रीत. माझा मजूर, कोरीट गावचा भटू, दगडांच्या आत उभा राहून मिरच्या उलटत होता. उतारू नेणारी शहाद्याची सर्व्हिस मोटार दगडांवरूनच आली. भटू जागीच गेला.

पोलीस यायच्या आत मी मिरच्या पोत्यांत भरल्या, दगड नाल्यात टाकले. कशासाठी? सडक अडवली म्हणून लोकल बोर्ड पाच रुपये दंड करील, एवढ्यासाठी! अक्कल गहाण पडली होती, दुसरं काय.

भटूची बायको अनुसयाबाई. पदरात दोन पोरी. तिने मोटारमालकावर भरपाईचा दावा लावला. मालक म्हणाला, भटू पिऊन भर रस्त्यात उभा होता. मला साक्षीला बोलावलं. मी शपथेवर सांगितलं, "सडकेवर मिरच्या नव्हत्या, दगडही नव्हते. तो तिथं का उभा होता, मला ठाऊक नाही." दावा फेटाळला गेला. तिने धुळ्याला अपील केलं.

माझी बायको पतासीबाई भटूला रोज ताक द्यायची. तिने माझ्याशी बोलणंच टाकलं. मलाही घास गोड लागेना. शेवटी अपिलाच्या दिवशी धुळ्याला गेलो आणि अनुसयाबाईच्या वकिलांना सगळं ओकून टाकलं. त्यांनी कोर्टाला विनंती केली, की या साक्षीदाराला पुन्हा ऐकावं. न्यायाधीश म्हणाले, अपिलात खालच्या कोर्टाचे कागद बघतात. दीड वर्षाने जबानी फिरवणाऱ्याचं काय ऐकायचं? मग त्यांनी माझीच जुनी साक्ष वाचून दाखवली आणि अपील फेटाळलं. लाज वाटली, फार लाज वाटली.

बाहेर अनुसयाबाईने एवढंच विचारलं, "शेठ, त्या दिन दगड व्हतात ना?"

"व्हतात," मी म्हणालो. ती निघून गेली.

अपिलानंतरच्या पौषात ती माझ्याच पथारीवर कामाला आली. पोरींना खायला तर घालायचं होतं. मी नजर चुकवत होतो. दुपारपर्यंत पथारी भरली. उरलेल्या मिरच्यांची पाटी डोक्यावर घेऊन ती सडकेच्या कडेला जाऊन थांबली. बाकीच्या बायकांनी हातातलं काम थांबवलं.

"शेठ," तिने तिथूनच विचारलं, "औंदा दगड कोठे मांडू?"