भुकटी तपकिरी निघाली

टेबलाला जरा डाग पडलाय, येऊन बघाल का, एवढंच जावयांनी फोनवर विचारलं. जावई शाळेत गणित शिकवायचे, म्हणून घरात सगळे त्यांना मास्तर म्हणत. मास्तरांचं ‘जरा’ केवढं असतं हे सासूबाईंना चौदा वर्षांत पुरतं कळलं होतं. त्यांनी पिशवीत जुना एप्रन आणि सुती चिंध्या कोंबल्या आणि निघाल्या. एकतीस वर्षं फर्निचरच्या कारखान्यात पॉलिशचं काम केलेल्या बाईला डागाची भीती कसली?

टेबल त्यांच्या नवऱ्याने केलेलं. लेक पहिलीत गेली त्या वर्षी त्याने उरलेल्या फळ्या जोडून ते उभं केलं, आणि लेकीने त्यावर पेन्सिल इतकी दाबून अभ्यास केला की वहीखालच्या लाकडात आकडे उमटले. नवरा गेला, टेबल लेकीबरोबर तिच्या घरी आलं. आता ती महिनाभर कामासाठी बाहेरगावी होती. रविवारी यायची होती, त्याआधी टेबल नवं करून तिला चकित करायचा मास्तरांचा बेत होता.

आज गुरुवार. टेबलाच्या मधोमध ताटाएवढा फिका डाग पडला होता.

मास्तरांनी आणलेल्या डब्यात रंग आणि वार्निश एकत्रच होतं. पहिला हात छान बसला होता. तो वाळल्यावर दुसऱ्या हाताआधी त्यांनी पॉलिशपेपरने घासायला घेतलं, तर भुकटी तपकिरी निघाली. म्हणून ते घासतच राहिले.

“डब्यावर हलकं घासा असं लिहिलंय,” सासूबाई चष्मा सारखा करत म्हणाल्या.

“वाचलं होतं, आई. पण तुम्हीच सांगितलं होतंत ना, भुकटी पांढरी होईपर्यंत हात थांबवायचा नाही. डब्यापेक्षा तुमच्यावर विश्वास ठेवला.”

सासूबाईंना हसू आलं. लग्नानंतर पहिल्याच वर्षी, स्टूल घासताना, त्यांनी हे खरंच सांगितलं होतं. पण त्या कामात रंग लाकडात मुरलेला असे आणि वर पारदर्शक पॉलिश. पांढरी भुकटी म्हणजे पॉलिश नीट घासलं गेलं. या डब्यात रंग वरच्या थरातच होता. तपकिरी भुकटी म्हणजे रंगच निघून चालला होता.

“चूक माझी आहे, मास्तर. अर्धंच शिकवलं मी.”

एवढ्याच जागी रंग लावू का, असं मास्तरांनी विचारलं. कडा दिसेल, ठिगळ वाटेल, असं सासूबाईंनी समजावलं. मग सगळंच घासून काढू, असं म्हणत मास्तरांनी पेपर उचलला. सासूबाईंनी त्यांचं मनगट धरलं आणि बोटं टेबलाच्या डाव्या कोपऱ्यावर नेऊन ठेवली. तिथे सातचा पाढा उमटला होता. घासलं असतं तर तोही गेला असता. मास्तरांचा चेहरा उतरला.

“घाबरता काय? थर काढायचा, लाकूड नाही.”

खिडक्या उघडून, हातमोजे घालून सासूबाईंनी रंग काढायचं रिमूव्हर ब्रशने लावलं. थर फुगला तसा बोथट पट्टीने अलगद काढला. आकड्यांच्या खाचांतला रंग जुन्या दातब्रशने टिपला. मग चिंधीने सगळं दोनदा पुसलं. शुक्रवारी पहिला हात. शनिवारी चारशे नंबरचा पेपर आधी दुसऱ्या पेपरवर घासून मऊ केला आणि चमक मरेल एवढाच फिरवला. पेपर उलटून मास्तरांना दाखवला: भुकटी जेमतेम, रंग जागच्या जागी. वर दुसरा हात. त्यावर पेपर लावायचा नाही, मास्तरांनीही नाही, कुणीच नाही.

रविवारी लेक आली. पिशवी न ठेवताच तिने टेबल पाहिलं, बसली, आणि बोट आपसूक डाव्या कोपऱ्याकडे गेलं. सहाव्या ओळीपाशी थांबलं.

“सात सक त्रेचाळीस तसंच आहे! तू दुरुस्त नाही केलंस?”

“मोह झाला होता,” मास्तर म्हणाले.

सासूबाई चिंध्या पिशवीत भरत होत्या. “आता नीट ऐका, मास्तर. भुकटी पांढरी होईपर्यंत—”

“—जुन्या पॉलिशला,” त्यांनी पुरं केलं. “नव्या डब्याला आधी डबा वाचायचा, मग तुम्हाला विचारायचं.”

“उलटं करा,” त्या म्हणाल्या. “आधी मला.”