दोन विती कमी

मित्रांनो, मी एक जुनी कुदळ आहे. आता दफनभूमीच्या पत्र्याच्या खोलीत चुन्याच्या पोत्यामागे पडून असते. माझे काम ऐकून तोंडे वाकडी करू नका. ते कुणालातरी करावेच लागते.

माझा धनी उंचापुरा गडी. टेप त्याने कधी वापरली नाही. माझा दांडा उभा धरून दोनदा मोजला की कबर पुरेशी खोल झाली, ही त्याची रीत. मग लढाई लागली आणि त्याला सैन्यात नेले. तिसऱ्याच दिवशी दफनभूमीचे मॅनेजर त्याला कामासोबत मिळालेली राहती खोली रिकामी करून घ्यायला आले. त्याची बायको दारातच उभी राहिली.

"खड्डेच खणायचेत ना? मी खणते."

"बाईमाणसाला झेपेल का हे?"

"दोन पोरं आणि सासू घेऊन रस्त्यावर राहणं तरी कुठे झेपणार आहे?"

तिला ठेवून घेतले. आठवडाभरात तिच्या तळहातांची सालटी निघाली. माझा लांब दांडा सारखा तिच्या बरगडीत बसे. शेवटी तिने करवत आणून तो वीतभर कापला, आणि काम झपाझप होऊ लागले. मला ती फार आवडली. कबरीची खोली मात्र ती नवऱ्याच्या रीतीनेच मोजत राहिली, दोन दांडे. चूक आम्हा दोघींच्याही लक्षात आली नाही.

एका सकाळी कुत्र्यांनी एका लहान मुलीची कबर उकरलेली दिसली. मुलीची आई तिथे नुसती बसून राहिली, रडलीसुद्धा नाही. मॅनेजरांनी त्या कबरीला आणि खणून ठेवलेल्या रिकाम्या खड्ड्यांनाही टेप लावली. बाईने खोदलेली प्रत्येक कबर दोन विती कमी भरली.

"बाईच्या अंगात जोर नसतो, म्हणत होतो ना मी!"

धन्याच्या बायकोने माझ्या आखूड दांड्याकडे पाहिले. मग तिचा हात तोंडावर गेला. "जोराचं नाही हो साहेब. दांडा कापला मी. मापाचं डोक्यातच नाही आलं."

सगळ्या कबरींवर मातीची भर घाल, नाहीतर खोली सोड, असे तिला बजावले. ती आणि सासू महिनाभर डोक्यावरून घमेली वाहत होत्या. मुलीच्या कबरीला मात्र त्या आईने तिला हात लावू दिला नाही. "माझी मी घालते," एवढेच ती म्हणाली.

लढाई संपली. धनी परतला आणि त्याने मला नवा लांब दांडा बसवला. "आता काम नीट होईल," लोक म्हणाले. चार वर्षे उन्हातान्हात तिने गावातल्या मेलेल्यांना जागा दिली, हे कुणी बोलत नाही. त्या दोन विती तेवढ्या सगळ्यांना पाठ आहेत. ती स्वतःही त्या आईच्या गल्लीतून अजून जात नाही.

मित्रांनो, मला तेलपाणी करा, गंजू देऊ नका, असे मी मागत नाही. एकाच्या हातची वस्तू दुसऱ्याच्या हाती सोपवाल, तेव्हा ती त्या हाताला बसते का, एवढे आधी विचारा. तिला कुणी विचारले असते, तर त्या आईला आपली लेक दोनदा पुरावी लागली नसती.