काढायचा शॉट

संकलकाने पडद्यावरचं चित्र थांबवलं आणि दिग्दर्शिकेने आपली खुर्ची मित्राकडे फिरवली.

“बोल. काय काढू?”

प्रत्येक चित्रपट पुरा होत आला की ती त्याला बोलावून हेच विचारी. सिनेमाचं शिक्षण दोघांनी एकाच वर्गात घेतलेलं. तो पुढे साबण-टूथपेस्टच्या जाहिरातींत शिरला आणि सुखात लोळू लागला. ही मात्र पदरमोड करून चारचौघांना न कळणारे चित्रपट काढत राहिली. तरी जाणकार नाव घेत ते हिचंच. त्याचा नुसता जळफळाट होई, आणि मग तो नेमक्या सर्वांत चांगल्या शॉटवर बोट ठेवी. रिकाम्या खुर्चीवरून उन्हाचा पट्टा सरकत जातो, एवढंच दाखवणारा एक लांबलचक शॉट पाहून त्याची झोप उडाली होती. तोही त्याने ‘कंटाळवाणा आहे’ म्हणून काढायला सांगितला. तिने ठेवला. हट्टी आहे झालं, अशी त्याने स्वतःची समजूत घातली.

आज मात्र नवलच घडलं. चित्रपट संपला तरी आत काही जळलं नाही. आपण सुधारलो की काय, असं वाटून त्याला स्वतःचंच कौतुक वाटलं.

“काही काढू नकोस,” तो मनापासून म्हणाला. “छान झालंय सगळं.”

संकलकाने चष्मा काढून टेबलावर ठेवला. तिचा चेहरा उतरला.

“एकही शॉट नाही?”

“एकही नाही.”

“मग सगळं पुन्हा पहिल्यापासून करायचं,” ती संकलकाला म्हणाली.

“अगं, मी छान म्हणतोय!”

“तेच तर. तुझ्या पोटात दुखलं की मला कळतं, काय ठेवायचं ते. इतकी वर्षं उगीच बोलावते का तुला?”

ती रागावली नव्हती. चहात साखर किती, ते सांगावं तशी बोलली. त्याचे कान तापले.

तोवर ती संकलकाजवळ जाऊन बसलीही होती. दोन वर्षांचं काम मोडीत काढायचं, आणि बाईचा आवाजसुद्धा हलत नव्हता. त्याला स्वतःची अर्ध्या मिनिटाची जाहिरातही कधी टाकवली नव्हती. छातीत ती ओळखीची आग भडकली.

“वेडेपणा करू नकोस,” तो घाईने म्हणाला. “आहे तसाच दाखव लोकांना.”

ती वळली. त्याच्या तोंडाकडे नीट निरखून पाहिलं आणि आज पहिल्यांदाच मोकळं हसली.

“ऐकलंस ना?” ती संकलकाला म्हणाली. “पुसून टाक सगळं.”