उशाचा कोपरा

जया, त्या कोपऱ्याला हात लावू नकोस. कात्री खाली ठेव. ठेव म्हटलं न्हवं.

व्हय, मलापण दिसतंय. सगळी वाकळ कशी सरळ टाक्यांची, आणि एका कोपऱ्यात हा तांबडा तुकडा, लहान पोरानं शिवल्यासारखा. तुला वाटलं, बाळंतपणाला माहेरात आलीयास तर बसल्या बसल्या उसवून नीट करावा. गुणाची माझी बाय ती. पण आधी विचारायचं तरी. दिवस भरत आले तरी हाताला काय गप बसवत न्हाय तुझ्या. बस तिथं भिंतीला टेकून, सांगते.

ही वाकळ माझ्या आईनं शिवली. मनुबाई तिचं नाव, कोगनोळीची. तू तिला बघितलं न्हाईस. तू पोटात असताना मानमोडीच्या साथीत गेली ती. ताप आला, मान धरली आणि आटपलं. पोटुशी बाईनं साथीच्या गावात पाऊल टाकायचं न्हाय म्हणून मला कुणी जाऊ दिलं न्हाय. माझ्या आईचं तोंड मला शेवटचं बघायला मिळालं न्हाय, जया. अजून सलतंय ते.

साथ ओसरल्यावर एक दिवस माझे आप्पा गाडी जुंपून इथं कंग्राळीला आले. गाडीत काय, तर ही वाकळ. आईनं माझ्या बाळंतपणासाठी शिवून घडी घालून ठेवलेली. तिकडं निपाणीच्या बाजूला तंबाखूची रानं, आई जन्मभर त्यात राबली. राबताना नेसायची त्याच लुगड्यांची ही वाकळ, म्हणून कितीदा धुतली तरी तंबाखूचा वास जाईना. त्यात तोंड खुपसून मी पोटभर रडून घेतलं. आईचं म्हणून माझ्याकडं तेवढंच राहिलं होतं.

पहिलं बाळंतपण माहेरात व्हायचं. पण तिथं चूल पेटवायला बाई उरली न्हवती. मग सासरातच करायचं ठरलं, आत्तीच्या हाताखाली. आत्ती म्हणजे तुझी आज्जी, अक्काताई. तुम्ही पोरं तिच्या मायेच्या गोष्टी सांगत बसताय. मला विचार. लई करडी बाई. घरात शब्द चालायचा तो तिचा.

तुझा जन्म थंडीतला. त्या वर्षी अशी थंडी, पाण्यात हात घातला की बोटं आपली वाटायची न्हाईत. बाळंतिणीला शेकायला बाजंखाली शेगडी आली. मी म्हटलं, आत्ती, आईची वाकळ खाली घाला, सुंभावर. तिच्यावरच निजायचंय मला. आत्तीनं साफ न्हाय म्हटलं. आधी घोंगडं घातलं, दुहेरी करून. वाकळ त्याच्यावर, आणि तिचे चारी काठ आत मुडपून. बाजंच्या खाली एक दोरा लोंबू दिला न्हाय.

"असं का?" मी विचारलं. माझे गाल फुगलेलेच होते.

"घोंगडं जळाय लागलं की आधी वास मारतंय," आत्ती म्हणाली. "वाकळ गप जळतीया. बाईला कळतंय तवा उशीर झालेला असतोय."

निखाऱ्यांवर ती राख पसरायची, तांबडं काय दिसायला नको. मग घोंगड्याच्या खालनं उलटा हात फिरवून बघायची. हाताला सोसलं तरच मला निजू द्यायची. पांघरूण एकच. मला हुडहुडी भरायची, मी आणखी एक मागायची, तर म्हणायची, वर ढीग घातलास तर ऊब कोंडती, अंग भाजलं तरी कळायचं न्हाय. आणि माझा डोळा लागायच्या आत शेगडी घराबाहेर. मला वाटायचं, हिला माझ्या आईची वाकळच डोळ्यांसमोर नको आहे. सासू ती सासूच, असं मनात धरून बसलेली मी.

मग आली पाचवी. पाचवीला बायका बाळ बघायला येतात म्हणायचं, डोळे सगळे बाजंवर. माहेरचं काय आलंय, किती आलंय. शेजारची मालुबाई तर त्यात पटाईत. जिभेला हाड म्हणून न्हवतं तिच्या. दारातनंच बाजंकडं बघून म्हणाली, "आईवेगळी पोर, कोण करणार तिचं? सासरचं घोंगडंच दिसतंय नुसतं."

वाकळ माझ्या अंगाखाली, काठ मुडपलेले, वर पांघरूण. कुणाला काय दिसणार? माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. मी भिंतीकडं तोंड केलं.

आत्ती पाट्याची पूजा मांडत होती, ती उठली. बाजंपाशी आली, पायथ्याची कड आतनं ओढून काढली आणि खाली लांब सोडून दिली. माझ्या आईचे टाके सगळ्या बायकांच्या समोर.

"माझ्या इहिणीनं शिवलीया," ती म्हणाली. "असा टाका घालणारी आपल्या गल्लीत कोण असली तर सांगा."

मालुबाईचं तोंड एवढंसं झालं. आणि माझा ऊर असा भरून आला, काय सांगू तुला. आई गेल्यापासनं पहिल्यांदा मला कुणीतरी असल्यासारखं वाटलं.

पूजा झाली, घुगऱ्या वाटल्या, बायका बोलत बसल्या. कड तशीच सोडलेली. शेगडी बाजंखाली सरकवलेली होती, कोपरा तिच्यावर कधी टेकला कुणाला कळलं न्हाय. घरात ओव्याची आणि शेपाची धुरी, वास कसा कळणार? वाकळ गप जळतीया म्हणाली होती, तशीच जळली. माझ्या पायाला चटका बसला तवा बघितलं, तर कोपऱ्याला तांबडी रेघ धरलेली आणि ती वर चढत होती. तू माझ्या कुशीत. मी आत्तीला हाक मारली. तिनं तुला उचलून मालुबाईच्या ओटीत टाकलं आणि दोन्ही हातांनी तो कोपरा चुरगाळला. पाणी यायची वाट बघितली न्हाय. पार विझेपर्यंत हात काढले न्हाईत.

तुला काय झालं न्हाय, मला काय झालं न्हाय. पण माझं डोकं फिरलं होतं. "माझ्या आईचं एवढंच राहिलं होतं," मी म्हटलं, "तेबी जाळलंसा तुमी."

"व्हय," आत्ती म्हणाली. "जाळलं."

एवढंच. हात पदरात गुंडाळून आत गेली. तळहात फोडांनी भरले होते तिचे. भाकरी थापता येईना, मालुबाईच येऊन थापून द्यायची, गप मान खाली घालून.

पुढं एका दुपारी मला जाग आली, तर आत्ती उंबऱ्यापाशी उजेडाला बसून शिवत होती. हातांना चिंध्या बांधलेल्या. सुई बोटांत राहीना, निसटायची, ती परत शोधून घ्यायची. मांडीवर ही वाकळ आणि हा तांबडा तुकडा. मी ओळखला तो. इरकल लुगड्याचा पदर. ते लुगडं तिच्या पेटीच्या तळाला असायचं, सणालासुद्धा बाहेर काढायची न्हाय ती.

"आत्ती, कुणाचं लुगडं फाडलंसा?"

"माझ्या आईचं." तिनं मान वर केली न्हाय. "तिचंबी एवढंच हाय माझ्याकडं. आता दोघींचं एका जागी राहील."

मी उठून तिच्या हातातली सुई घ्यायला गेले, तर म्हणाली, "बाळंतिणीनं डोळ्याला ताण द्यायचा न्हाय. नीज." अशी बाई ती. रडूसुद्धा नीट द्यायची न्हाय.

पुढं तुझा भाऊ रवळू झाला. परत बाज, परत शेगडी, खाली घोंगडं, वर वाकळ, काठ मुडपलेले. पाचवीला बायका यायच्या आधी मी वाकळ फिरवून घेतली. हा कोपरा उशाला आणला, शेगडीपासनं लांब, आणि बाजंवर उघडा पसरून ठेवला, सगळ्यांना दिसंल असा. गल्लीतल्या एका नव्या सुनेनं विचारलं, "हे कुणी शिवलंय गं, एवढं वाकडं?"

"माझ्या आईनं," मी म्हटलं.

आत्ती बाजंपाशी निखाऱ्यांवर राख पसरत बसली होती. तिनं वर बघितलं न्हाय. निखारे कवाच झाकले होते, तरी ती राख पसरत राहिली, पसरत राहिली.

ठेवलीस कात्री? आता उठ सावकाश आणि माळ्यावरनं घोंगडं काढायला सांग कुणालातरी. आधी घोंगडं, मग वाकळ. आणि हा कोपरा तुझ्या उशाला.