तलावाचा दट्ट्या कोर्टात गेला

मित्रांनो, मी आमगावजवळच्या एका तलावाचा जुना दट्ट्या आहे. हसू नका हं! तलावाचं पाणी ज्या भोकातून शेतांकडे जातं, त्याला आमच्याकडे तुडुम म्हणतात. त्यात घट्ट बसणारं लाकडी बूच म्हणजे मी. देवरीच्या जंगलातल्या बीजा नावाच्या झाडाच्या लाकडातून मला घडवलं आणि पुरुषभर उंच दांडा लावला. मी वर आलो की गावाचं धान पाणी प्यायचं!

मला उचलणारा, बसवणारा पाणकर म्हणजे उदाराम. पाण्यात बुडी मारून मला नेमका बसवणं एकट्या त्यालाच जमायचं. अडतीस वर्षं त्याने कोणाच्या शेताला थेंब जास्त दिला नाही की कमी दिला नाही. लोक म्हणायचे, "उदारामभाऊ, तू हायेस म्हणून आमी झोपतो."

गावाचा आणि तलावाचा मालक तो मालगुजार. मालगुजारीचा रिवाज असा, की पाणकर थकला म्हणजे तलावाच्या पाळीखालचं, बांधाला लागून असलेलं एक शेत त्याला जन्मभर कसायला द्यायचं. तीच त्याची पेन्शन. उदाराम थकला, पण शेत मिळेना. तो गोंदियाच्या कोर्टात गेला, कोर्टाने द्या म्हटलं, तरी मिळेना. नवा पाणकरही कोणी नेमला नाही. थकलेला म्हातारा मलाच उचलत राहिला. शेवटी कोर्टाचा हुकूम मोडला म्हणून नागपूरच्या कोर्टात बेअदबीचा अर्ज गेला.

मालगुजाराचे दिवाणजी दुलीचंद यांनी उत्तर काय लिहून दिलं, ऐका. म्हणे, उदारामने कामाचा दट्ट्या अजून जमा केलेला नाही, स्वतःकडेच ठेवलाय, म्हणून शेत दिलं नाही!

"तो तर पाण्यात हाये, वकिलाले सांगा ना," उदारामची बायको शांतीबाई त्याला म्हणाली.

"सायबाले कागद दिसते वो, पाणी नाही दिसत. नेऊन दाखवतो. उद्या जातो, परवा येतो."

अश्विन महिना होता. पाऊस संपलेला, धान पोटरीत, म्हणजे लोंबी फुटायच्या बेतात आलेलं. उदारामने मला उपसलं आणि भोकात तणसाचा, म्हणजे धानाच्या पेंढ्याचा बोळा अन् चिकणमाती ठासून भरली. दोन दिवस टिकेल, असा त्याचा अंदाज होता. त्याचा अंदाज कधी चुकत नसे.

आमगावला गाडीत चढताना तिकीटवाला ओरडला, "अरे बाबा, मछली मारने जा रहे हो क्या?"

"गवाह हाये माहा," उदाराम म्हणाला. मी किती फुगलो, काय सांगू!

पण कोर्टाने तारीख पुढे ढकलली. एक दिवस, मग आणखी दोन. आम्ही धर्मशाळेत बसून राहिलो. चौथ्या दिवशी पुकारा झाला. उदारामने मला साहेबांपुढे उभं केलं. माझ्या अंगाला हिरवं शेवाळ अजून चिकटलेलं होतं. सगळे हसले, साहेब हसले नाहीत. ते दुलीचंदांकडे वळले.

"हा पाण्यात होता, म्हणजे हा माणूस तुमचंच काम करत होता. मग हुकूम का मोडला?"

दुलीचंदांनी हात जोडून माफी मागितली. आठ दिवसांत शेत द्या, असा हुकूम झाला. आम्ही जिंकलो!

गावात आलो, तर तलावात चिखल. चिखलात मासे तडफडत होते. तिसऱ्या दिवशी बोळा निसटला होता आणि सगळं पाणी शेतांवरून ओढ्याला वाहून गेलं होतं. शांतीबाई रात्रभर ओरडली, माणसं धावली, पोती टाकली, पण ते भोक कोणाच्याच हाताला लागलं नाही.

कोणी शिवी दिली नाही. शेजारचा केवळराम एवढंच म्हणाला, "जिंकला ना तू, उदारामभाऊ?"

उदारामने मला कोरड्या भोकात बसवलं. उभं धान वाळून गेलं. त्याला मिळालेल्या शेतातलंही वाळलं. त्या शेतात त्याने पाऊल टाकलं नाही. फागुनात तो वारला.

मित्रांनो, ज्याने जन्मभर तुमचं पाणी राखलं, त्याचा हक्क त्याला घरी नेऊन द्या. तो मागायला त्याला इतकं लांब पाठवू नका. तो कोर्टात गेल्यावर पाण्याजवळ कोण बसणार होतं, हे मला आजवर कोणी सांगितलेलं नाही.