शिवलेलं बकल

मी एक जुनी दुर्बीण आहे, मित्रांनो. २०२२ साली शारजात, अल मजाजमधल्या नवव्या मजल्यावरच्या एका घरात, मला पाण्यात बुडवायचं ठरत होतं. पण त्याआधीचं सांगितल्याशिवाय तुम्हाला ते कळायचं नाही.

माझा जन्म जर्मनीतला. दुसऱ्या महायुद्धात मी फोल्कर हाल्बे नावाच्या पाणबुडी कमांडरच्या गळ्यात आले. सुरुवातीला त्याने बरीच जहाजं बुडवली. तो बंदरात परतला की बँड वाजे, फुलं मिळत. छातीवर पदक लागलं. त्याच्या प्रत्येक फोटोत मी असे. बुडणारी माणसं मात्र फोटोत नसत.

पुढे दिवस फिरले. बरोबरच्या पाणबुड्या परत येईनाशा झाल्या. हाल्बेला प्रत्येक गोष्टीचा संशय येऊ लागला. एकटं जहाज दिसलं की त्याला तो सापळा वाटे. स्वयंपाक्याने शीळ घातली की तो कोणाला तरी खूण करतोय असं वाटे. एकदा मला कोणी पुसायला नेलं, तर त्याने सगळ्यांना रांगेत उभं केलं. त्याच दिवशी त्याने माझ्या पट्ट्याचं बकल जाड दोऱ्याने शिवून टाकलं. मग झोपतानाही मी त्याच्या गळ्यातच.

१९४४ मध्ये अरबी समुद्रात त्याने एक मालवाहू जहाज बुडवलं. त्यावर रत्नागिरीकडचे खलाशी होते. वाचलेली माणसं दोन होड्यांत चढली. हाल्बे पाणबुडी एका होडीजवळ घेऊन गेला आणि त्याने जहाजाचं नाव विचारलं. होडीतल्या दाऊदला थोडी इंग्रजी येत होती. त्याने नाव सांगितलं. हाल्बे पाण्याचा डबा द्यायला वाकला, तसा माझा पट्टा वल्ह्याच्या खुंटीत अडकला. तेवढ्यात विमानाचा आवाज आला. होडी लाटेबरोबर खाली गेली आणि पट्ट्याचा फास त्याच्या गळ्याला बसला. बकल सुटेना. त्याने चाकूने पट्टा कापला आणि तो आत पळाला. मी होडीत राहिले.

दाऊदच्या होडीत त्याच्या गावचं दुसरं कोणी नव्हतं. दुसऱ्या होडीतून गावच्या दोघांनी लांबून एवढंच पाहिलं, की दाऊद जर्मनाशी बोलला आणि दुर्बीण त्याच्याकडे आली. गावात कुजबुज सुरू झाली. जहाज येतंय, ही खबर जर्मनाला दिली कोणी? दुर्बीण त्याचंच बक्षीस असणार. दाऊदने दोनदा खरं सांगून पाहिलं. मग पट्ट्याच्या टोकांना गाठ मारली, मला फडक्यात गुंडाळलं आणि तो गप्प झाला. त्याची मुलगी हमीदा तेव्हा लहान होती. विहिरीवर बायका तिला 'जर्मनाची' म्हणत.

ती हमीदा म्हातारपणी मला बॅगेत घालून शारजात मुलाकडे आली. मुलगा यूनुस, त्याचं ऑफिस दुबईतल्या देरात. त्याच्या मुलीने, मरियमने, मला फडक्यातून काढून खिडकीत ठेवलं. तासाभरात बेल वाजली. समोरच्या टॉवरमधले दत्तप्रसाद आले होते, बायको शोभनाला घरी ठेवून.

"यूनुसभाई, तुमची दुर्बीण आमच्या हॉलकडे तोंड करून बसलीय. शोभना पडदे ओढून पोहे खातेय."

"दत्ताभाऊ, तुमच्या हॉलमध्ये बघण्यासारखं आहे काय? तोच सोफा. या, चहा घ्या."

मरियम म्हणाली, "अब्बा, मी ही स्कूलमध्ये दाखवायला नेणार. फॅमिली हिस्ट्री आहे."

हमीदा आतून काठी टेकत आली. "कुठे नेणार नाहीस. यूनुस, ही दुर्बीण खाली लगूनच्या पाण्यात टाकून ये."

"अम्मा, दाऊदनानाची एवढीच वस्तू उरलीय."

"म्हणूनच. टीचर विचारेल, जर्मनाची दुर्बीण तुमच्याकडे कशी? काय सांगेल पोरगी? माझ्या दादीचा बाप खबरी होता?"

मरियम मला घेऊन जमिनीवर बसली. "जस्ट वन डे, दादी. मी नवीन स्ट्रॅप लावते." ती गाठ सोडू लागली. इतकी वर्षं त्या गाठीला कोणी हात लावला नव्हता. पिनेने खोदून खोदून शेवटी ती सुटली.

"दादी, हे तुटलेलं नाही. समबडी कट इट. आणि बकल बघ, शिवलंय."

यूनुसने पट्टा उजेडात धरला. "अम्मा, बक्षीस देणारा माणूस पट्टा कापून कशाला देईल?"

"तसं नव्हे," दत्तप्रसाद म्हणाले, "तुमच्या नानांनीच कापला असेल तर? हिसकावून घेतली असेल."

"दत्ताभाऊ, चहा गार होतोय तुमचा."

हमीदाने कापलेल्या कडेवरून बोट फिरवलं. बराच वेळ फिरवत राहिली. मी ओरडून सांगितलं असतं, पण दुर्बिणीला दाखवता येतं, बोलता येत नाही.

"माझ्या बावाने, माझ्या बापाने कापला असेल तर बावा चोर," ती म्हणाली. "चालेल. चोर चालेल मला, यूनुस. खबरी नाही." मग मरियमला म्हणाली, "नवा पट्टा लाव. गाठ परत मारू नकोस."

हाल्बेची पाणबुडी त्या सफरीवरून परतली नाही. दाऊद पुन्हा जहाजावर चढला नाही, गावीच वारला. हमीदा गेल्या वर्षी गेली. जाण्याआधी तिने त्या दोन खलाशांच्या नातवंडांना घरी बोलावून तो पट्टा दाखवला. त्यांनी मान हलवली. पटलं की नाही, कोण जाणे. दत्तप्रसाद आणि शोभना पुण्याला परतले. फोनवर ते अजून विचारतात, "खरं सांगा, कापला कोणी?" यूनुस रोज देराहून ट्रॅफिकमध्ये अडकून उशिरा येतो. मरियम कॉलेजात आहे. मी तिच्या शेल्फवर असते, जुना पट्टा माझ्या शेजारी.

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, पण फडक्यात गुंडाळून नका ठेवू. आणि एखाद्याविषयी कुजबुज कानावर आली, तर त्याच्या घरची एखादी गाठ सोडून, उजेडात धरून बघा. बघण्यासाठीच तर मला केलं होतं.